वसंत देसाई आणि सन्मानाचे मोजमाप



संगीतकारावर लिहिलेला कोणताही गौरवग्रंथ उघडला, की शेवटच्या पानांवर पुरस्कारांची यादी असते. वर्ष, पुरस्काराचे नाव, देणारी संस्था. ही यादी वाचणाऱ्याला सोयीची असते. चाली ऐकायला, त्या एकमेकींशी ताडून पाहायला वेळ लागतो. यादी एका नजरेत वाचून होते. म्हणून हळूहळू तिलाच प्रमाण मानण्याची सवय लागते. ज्याची यादी लांब तो मोठा, ज्याची आखूड तो बेताचा, असा हिशेब आपण नकळत मांडू लागतो. आजचे व्याख्यान या हिशेबाविषयी आहे. त्यासाठी मी वसंत देसाई यांचे उदाहरण घेतले आहे. ते संगीतकार होते आणि समूहगानाचे संचालकही होते. त्यांच्याबाबतीत यादी आणि कर्तृत्व यांच्यातले अंतर इतके मोठे आहे, की त्या अंतराचे कारण शोधल्याशिवाय पुढे जाता येत नाही. माझे म्हणणे आरंभीच सांगतो. आपले पुरस्कार ज्या रीतीने रचलेले आहेत, त्या रीतीत एका माणसाच्या नावावर, एका वर्षात, एका पूर्ण झालेल्या वस्तूच्या रूपात उभे राहणारे काम तेवढे दिसते. देसाईंचे सर्वांत मोठे काम या तिन्ही अटींबाहेरचे होते. म्हणून यादीतली त्यांची अनुपस्थिती मोजपट्टीबद्दल अधिक सांगते. ती मोजपट्टी मोडून टाकावी असे मी म्हणत नाही. ती दुरुस्त करता येते आणि केली पाहिजे, एवढे मला दाखवायचे आहे.

देसाईंचा जन्म 9 जून 1912 चा, आजच्या सिंधुदुर्ग जिल्ह्यातल्या सोनवडे गावचा. 1929 साली कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी निघाली आणि हा तरुण तिच्यात पडेल ते काम करायला दाखल झाला. तिथे त्यांना जी शाळा मिळाली तिची बरोबरी कोणत्याही संगीत विद्यालयाला करता आली नसती. गोविंदराव टेंबे, मूळचे आपल्या अमरावतीचे केशवराव भोळे आणि मास्तर कृष्णराव हे तिघेही प्रभातचे संगीतकार. नाट्यसंगीताची भरजरी परंपरा, पाश्चात्त्य वाद्यांचा नेमका वापर आणि समूहाने म्हणायच्या गाण्याचा ध्यास या तीन गोष्टी त्या तिघांकडून त्यांना पाहायला मिळाल्या. मास्तर कृष्णरावांनी ‘वंदे मातरम्’ची चाल सगळ्या देशाला एका आवाजात म्हणता यावी, बँडवर वाजवता यावी, यासाठी केलेली धडपड प्रसिद्ध आहे. 1942 मध्ये व्ही. शांतारामांनी मुंबईत राजकमल कलामंदिर काढले. त्या संस्थेच्या पहिल्याच ‘शकुंतला’ (1943) या चित्रपटाला देसाईंचे संगीत होते आणि पुढची दीड दशके राजकमलचा आवाज म्हणजे देसाईंचा आवाज असे समीकरण झाले. ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’, ‘लोकशाहीर राम जोशी’, ‘अमर भूपाळी’, ‘झनक झनक पायल बाजे’, ‘दो आँखें बारह हाथ’. राजकमलबाहेर आचार्य अत्र्यांचा ‘श्यामची आई’, विजय भट्टांचा ‘गूंज उठी शहनाई’, हृषीकेश मुखर्जींचे ‘आशीर्वाद’ आणि ‘गुड्डी’. 22 डिसेंबर 1975 रोजी मुंबईत लिफ्टच्या अपघातात त्यांचा मृत्यू झाला. तेव्हा ते 63 वर्षांचे होते आणि कामात पुरते गढलेले होते.

आता या चित्रपटांच्या वाट्याला आलेले सन्मान पाहा. ‘श्यामची आई’ला राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक मिळाले. देशातला सर्वोत्कृष्ट चित्रपट म्हणून सरकारने गौरवलेला हा पहिला चित्रपट, आणि तो मराठी होता. ‘अमर भूपाळी’ 1952 च्या कान महोत्सवात गेला आणि फ्रान्सच्या राष्ट्रीय चित्रपट केंद्राने त्याच्या ध्वनिमुद्रणाचा गौरव केला. ‘दो आँखें बारह हाथ’ला राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले, 1958 मध्ये बर्लिनचे रौप्य अस्वल मिळाले, पाठोपाठ अमेरिकेतला गोल्डन ग्लोबही मिळाला. ‘आशीर्वाद’ राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपट ठरला आणि अशोककुमार सर्वोत्कृष्ट अभिनेते ठरले. ज्या चित्रपटात ते लहान मुलांसाठी आगगाडीचे गाणे म्हणतात तो हाच. ‘गुड्डी’तल्या मियाँ मल्हारातल्या गाण्याने वाणी जयराम हे नाव देशभर पोचले. हे सगळे मान ज्या चित्रपटांना मिळाले त्यांतून संगीत काढून घेतले तर काय उरते? होनाजी बाळा या शाहिरावरचा ‘अमर भूपाळी’ गाण्यांशिवाय कथा म्हणूनही उभा राहत नाही. फ्रान्समध्ये ज्या आवाजाच्या मुद्रणाची वाखाणणी झाली, तो आवाज देसाईंनी आधी मनात ऐकला होता, मग वाद्यांतून आणि गळ्यांतून उभा केला होता; यंत्रावर तो नंतर उतरला. तरीही संगीत दिग्दर्शनाच्या ज्या दोन याद्यांकडे आपण देशपातळीवरची कसोटी म्हणून पाहतो, त्या फिल्मफेअरच्या आणि राष्ट्रीय पुरस्काराच्या विजेत्यांच्या याद्यांत वसंत देसाई हे नाव कुठेही नाही. राष्ट्रीय पुरस्कारात संगीत दिग्दर्शनाचा विभागच मुळी 1967 च्या चित्रपटांपासून सुरू झाला. तोवर ‘झनक झनक’ला बारा आणि ‘दो आँखें’ला दहा वर्षे होऊन गेली होती.

1957 चा फिल्मफेअर समारंभ या दृष्टीने बारकाईने पाहण्यासारखा आहे. ‘झनक झनक पायल बाजे’ त्या वर्षी सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला. दिग्दर्शनाचा पुरस्कार शांतारामांना, कलादिग्दर्शनाचा कनू देसाईंना आणि ध्वनीचा ए. के. परमार यांना मिळाला. या चित्रपटाचा विषयच नृत्य आणि संगीत. शीर्षकगीत उस्ताद अमीर खाँ यांनी गायलेले, पडद्यावर गोपीकृष्णांची पावले, तबल्यावर पंडित सामताप्रसाद, आणि जम्मूहून आलेल्या शिवकुमार शर्मा नावाच्या तरुणाचे संतूर हिंदी चित्रपटात पहिल्यांदा वाजले तेही इथेच. संगीताचा पुरस्कार मात्र शंकर-जयकिशन यांना ‘चोरी चोरी’साठी मिळाला. ‘चोरी चोरी’चे संगीत उत्तमच आहे, त्याबद्दल तक्रार नाही. विचार करायचा तो असा, की ज्या परीक्षकांना ‘झनक झनक’मधला रंग दिसला, आवाजाचे मुद्रण दिसले, दिग्दर्शन दिसले, त्यांना तो आवाज निर्माण करणारा माणूस वेगळा का दिसला नाही? मला वाटते, याचे कारण देसाईंच्या गुणातच आहे. त्यांचे संगीत चित्रपटात इतके मुरलेले असे, की ते वेगळे काढून त्याकडे बोट दाखवणे अवघड होते. फिल्मफेअरचा संगीताचा पहिला पुरस्कार नौशादना मिळाला तो ‘बैजू बावरा’तल्या एका गाण्यासाठी. पहिली काही वर्षे असाच एका गाण्याला तो दिला जाई. म्हणजे सुट्या, ओठांवर खेळणाऱ्या गाण्याकडे बघण्याची दृष्टी या पुरस्काराच्या जन्मापासूनची होती. जो संगीतकार प्रसंगाला, पावलांना, पार्श्वभूमीला सूर देतो, तो या दृष्टीच्या कडेला राहतो.

इथे संचालकाच्या कामाकडे वळावे लागेल. पाश्चात्त्य जगात वाद्यवृंदाचा संचालक मंचाच्या मधोमध उभा असतो. मुंबईत 1936 साली जन्मलेले झुबिन मेहता यांचे उदाहरण सर्वांना ठाऊक आहे. 1966 मध्ये पद्मभूषण, 2001 मध्ये पद्मविभूषण, 2006 मध्ये अमेरिकेतला केनेडी सेंटरचा सन्मान, 2008 मध्ये जपानचा प्रीमियम इम्पीरियाले. या सगळ्यांपेक्षा मला महत्त्वाचा वाटतो तो 1981 चा एक निर्णय. इस्रायल फिलहार्मोनिक या वाद्यवृंदाने त्यांना तहहयात संगीत दिग्दर्शक केले. ज्यांनी हाताच्या इशाऱ्यावर वाजवले त्या वादकांच्या संस्थेने हा मान दिला. त्यात संचालनाची पारख थेट आहे. आपल्याकडे ध्वनिमुद्रणाच्या खोलीत संचालकाचे काम कुणाला दिसतच नसे. अँथनी गोन्साल्विस, सेबॅस्टियन डिसोझा यांच्यासारख्या गोव्याच्या थोर मंडळींनी शेकडो गाण्यांची वाद्यरचना लिहिली, वादकांना वाजवायला लावली, पण त्यांच्या कामासाठी पुरस्कारांत विभागच नव्हता. मग बहुमान मिळायचा प्रश्न कुठून येणार? देसाईंचे संचालन तर खोलीबाहेरही होते. शाळकरी मुलामुलींचे मोठमोठे समूह एकत्र आणून त्यांना एका सुरात, एका तालात गायला शिकवणे हे त्यांनी आयुष्याचे काम मानले. तिथे तिकीट नव्हते, ध्वनिमुद्रिका नव्हती, परीक्षक बसलेले नव्हते. गाणे झाले की मुले घरी जात आणि गाणे त्यांच्याबरोबर जाई.

पुरस्काराशिवाय सन्मान कसा ओळखायचा, असे कुणी विचारील. मी दोन साक्षी काढतो. पहिली जाणकारांची. मोठा गवई किंवा वादक दुसऱ्याच्या रचनेसाठी आपला आवाज सहजासहजी देत नाही. त्याची सगळी घडण स्वतःच्या मतीने गाण्याची असते. अमीर खाँ देसाईंकडे ‘झनक झनक’साठी गायले आणि पुन्हा ‘गूंज उठी शहनाई’साठी गायले. बिस्मिल्ला खाँ यांनी त्याच चित्रपटासाठी शहनाई वाजवली. बाळ कोल्हटकरांच्या ‘देव दीनाघरी धावला’ या नाटकासाठी देसाईंनी बांधलेली भूपाळी कुमार गंधर्वांनी गायली. आणि कुमारजी कुणाच्या सांगण्यावरून सूर लावणारे नव्हते, हे सांगायला नको. एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांनी 23 ऑक्टोबर 1966 रोजी न्यूयॉर्कमध्ये संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेच्या सभागृहात गायन केले. तिथे त्यांनी कांचीचे चंद्रशेखरेंद्र सरस्वती यांनी रचलेली ‘मैत्रीं भजत’ ही विश्वशांतीची संस्कृत प्रार्थना म्हटली. तिची चाल वसंत देसाईंची होती. कर्नाटक संगीतातल्या सर्वश्रेष्ठ गायिकेने जगापुढे उभे राहून जे म्हणायचे, त्याचा सूर कोकणातल्या एका मराठी माणसाने ठरवला होता. बिस्मिल्ला खाँ आणि सुब्बुलक्ष्मी दोघेही पुढे भारतरत्न झाले. अमीर खाँ, बिस्मिल्ला, कुमार आणि सुब्बुलक्ष्मी ही चार नावे चार वेगळ्या परंपरांची, चार वेगळ्या स्वभावांची. त्या सर्वांनी ज्याच्या चालीवर विश्वास टाकला त्याला याहून अधिक अधिकारी परीक्षक मंडळ मिळाले नसते, असे मला वाटते.

दुसरी साक्ष आपल्या जवळची आहे. ‘दो आँखें बारह हाथ’साठी भरत व्यासांनी लिहिलेली ‘ऐ मालिक तेरे बंदे हम’ ही प्रार्थना आणि ‘गुड्डी’साठी गुलजारांनी लिहिलेली ‘हम को मन की शक्ति देना’ ही प्रार्थना, या दोन चाली चित्रपटांतून निघून शाळांच्या परिपाठात गेल्या. मेहकर, चिखली, खामगाव, मलकापूर यांपैकी कुठलेही गाव घ्या; ज्यांनी हे दोन्ही चित्रपट कधी पाहिले नाहीत अशा माणसांनाही त्या मुखोद्गत असतात. पहिल्या प्रार्थनेची कथा अस्सल महाराष्ट्रातली आहे. औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे कैद्यांना भिंतींविना ठेवून सुधारण्याचा प्रयोग झाला, त्यावर तो चित्रपट बेतला. खुनाची शिक्षा झालेल्या माणसांच्या तोंडी शोभेल आणि सहा वर्षांच्या मुलाच्याही तोंडी शोभेल अशी चाल बांधणे ही साधी गोष्ट नव्हे. दुसऱ्या प्रार्थनेतली कारागिरी तर अजून कठीण. ती केदार रागावर बांधलेली आहे. केदारात दोन मध्यम लागतात, त्याची चाल वाकडी, सरळ चढत-उतरत जाणारी नाही. गाणे शिकणाऱ्याला तो राग बऱ्याच तयारीनंतर देतात. शिवाय शास्त्राप्रमाणे तो रात्रीच्या पहिल्या प्रहराचा. तोच केदार देसाईंनी सकाळच्या पटांगणावर, पेटी-तबला नसताना, सूर लावायचे कधी न शिकलेल्या शेकडो मुलांच्या गळ्यात बसवला, आणि तो तिथे बसला. गळ्याला ताण पडेल इतके उंच जायचे नाही, श्वास संपायच्या आत ओळ संपली पाहिजे, आणि तरीही रागाचा चेहरा पुसला जाता कामा नये. एवढी सगळी पथ्ये सांभाळून ती चाल सोपी वाटते. या सोपेपणामागे किती तयारी आहे हे गाणे शिकवणाऱ्या माणसाला लगेच कळेल.

वऱ्हाडातल्या श्रोत्यांना समूहाच्या गाण्याचे मोल वेगळे सांगावे लागत नाही. शेगावची पालखी पंढरीला निघते तेव्हा टाळ-मृदंगाच्या गजरात हजार पावले एका लयीत पडतात. राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांनी मोझरीच्या गुरुकुंजातून सामुदायिक प्रार्थना विदर्भाच्या खेड्यापाड्यांत नेली आणि गावाला एकत्र बसायला शिकवले. या परंपरेत चाल कुणाची हे कुणी विचारत नाही, कारण चाल सगळ्यांची झालेली असते. देसाईंच्या प्रार्थनांचे नेमके हेच झाले. त्या लोकांच्या झाल्या, आणि झाल्या त्याच क्षणी देसाईंच्या नावापासून सुटल्या. संगीतकाराच्या दृष्टीने हे यशाचे टोक आहे. पुरस्काराच्या दृष्टीने मात्र असे काम हाती लागत नाही, कारण प्रशस्तिपत्रावर लिहायला नावाची गरज असते आणि इथे नावच विरघळून गेलेले असते.

यावर पहिला आक्षेप असा, की लोकांनी स्वीकारले म्हणजे दर्जा सिद्ध झाला काय? मिरवणुकीत भिंती हादरवणारी गाणीही लोकप्रियच असतात. हा आक्षेप वजनदार आहे आणि तो झटकून टाकणे योग्य नाही. लोकप्रियता एकटी काहीच सिद्ध करत नाही. पण तिची जात पाहावी लागते. मिरवणुकीतले गाणे दरवर्षी बदलते, त्यामागे विक्रीची यंत्रणा असते. ‘दो आँखें’ला पासष्टांहून अधिक आणि ‘गुड्डी’ला पन्नासांहून अधिक वर्षे झाली. एवढ्या काळात शाळेतल्या त्या चालींमागे कुठली जाहिरात उभी नव्हती. त्या टिकल्या, आणि टिकताना त्यांची घडण बिघडली नाही. शिवाय मी लोकांची साक्ष एकटी काढलेली नाही. तिच्याआधी अमीर खाँ आणि कुमार गंधर्वांची साक्ष काढली आहे. जाणकार आणि अजाण मुले या दोन टोकांनी एकाच माणसाच्या सुराला होकार द्यावा, ही घटना दुर्मीळ आहे आणि तिच्यावर माझा भर आहे.

दुसरा आक्षेप असा, की शाळेत मुलांना निवड नसते. शिक्षक सांगतात ते म्हणावे लागते; मग यात सन्मान कसला? सक्ती आहे, हे मान्य. पण सक्तीने एखादे गाणे एका शाळेत एक वर्ष चालते. वेगवेगळ्या राज्यांत, वेगवेगळ्या मंडळांच्या शाळांत, पिढ्या बदलल्यावरही शिक्षक पुन्हा पुन्हा तीच चाल का निवडतात, याचे उत्तर सक्तीत सापडत नाही. पाठ्यपुस्तकांत कितीतरी समूहगीते आली आणि पुस्तक बदलताच गेली. जे गाणे संगीताचा शिक्षक नसलेल्या शाळेतही धड म्हणता येते, मागच्या रांगेतल्या बेसूर मुलालाही ओढून घेते, ते उरते. ही पारख शिक्षकांनी केली आहे आणि ती परीक्षकाइतकीच खरी आहे.

तिसरा आक्षेप सर्वांत न्याय्य आहे. प्रार्थनेचे शब्द भरत व्यासांचे आणि गुलजारांचे. चित्रपट शांतारामांचे आणि हृषीकेश मुखर्जींचे. आवाज लताबाईंचा, वाणी जयराम यांचा. मग सगळे श्रेय देसाईंना का? द्यायचे नाहीच. माझा मुद्दा या आक्षेपाने अधिक पक्का होतो. गाणे ही अनेकांची निर्मिती आहे, म्हणून एका नावाला दिलेला पुरस्कार नेहमी अपुरा असतो. याच बुलढाणा जिल्ह्यातले उदाहरण घ्या. मेहकरचे कवी ना. घ. देशपांडे यांची ‘शीळ’ ही कविता जी. एन. जोशी यांनी चाल लावून गायली आणि 1930 च्या दशकाच्या आरंभी तिची ध्वनिमुद्रिका निघाली. मराठी भावगीताच्या इतिहासात ती मुद्रिका अगदी आरंभीच्या काळातली मानली जाते. ना. घ. यांचा पहिला संग्रह ‘शीळ’ प्रसिद्ध झाला 1954 मध्ये, आणि साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला तो ‘खूणगाठी’ला, 1986 मध्ये. म्हणजे मेहकरचा कवी महाराष्ट्राच्या कानावर गेला, त्यानंतर दोन दशकांनी पुस्तकात आला आणि अर्ध्या शतकानंतर अकादमीच्या यादीत आला. आधी वाट करून दिली ती चालीने. अकादमीचा पुरस्कार पुस्तकाला असतो, त्यामुळे चाल लावणाऱ्याचा त्यात वाटा येत नाही. उलट चित्रपटाच्या पुरस्कारात चाल लावणाऱ्याला मान मिळतो तेव्हा वाद्यरचनाकार बाहेर राहतो. आपण मान देताना दर वेळी कुणाला तरी उंबऱ्याबाहेर ठेवतो. हे पुरते टाळता येणार नाही, पण कुणाला ठेवले याची नोंद तरी ठेवता येईल.

मग पुरस्कार निरर्थक आहेत काय? तसे मी मानत नाही, आणि मानणाऱ्यांशी माझा मतभेद आहे. 1964 च्या चित्रपटांसाठी फिल्मफेअरने संगीताचा पुरस्कार लक्ष्मीकांत-प्यारेलाल या तरुण जोडीला ‘दोस्ती’साठी दिला, समोर राज कपूरचा ‘संगम’ असताना. त्या एका निर्णयाने नवख्या जोडीला उभारी मिळाली. पुढे त्यांना एकूण सात वेळा तो पुरस्कार मिळाला, त्यांपैकी चार वेळा 1977 ते 1980 या सलग चार वर्षांच्या चित्रपटांसाठी. प्यारेलालजींना 2024 मध्ये पद्मभूषण मिळाले; लक्ष्मीकांत कुडाळकर तेव्हा हयात नव्हते. योग्य वेळी दिलेला मान कलावंताला काम देतो, वादकांच्या घरी चूल पेटवतो, नव्या मुलांना या वाटेने यायचे धैर्य देतो. पुरस्काराची टवाळी करणे त्यांनाच परवडते ज्यांचे पोट त्यावर नसते. आणि पुरस्काराला इतके मोल आहे म्हणूनच तो चुकला तर बोलले पाहिजे. 1973 मध्ये अभिनेते प्राण यांनी ‘बेईमान’साठी स्वतःला मिळालेला फिल्मफेअर पुरस्कार नाकारला, कारण संगीताचा पुरस्कार ‘पाकीजा’च्या गुलाम मोहम्मद यांना मिळायला हवा होता असे त्यांचे मत होते. गुलाम मोहम्मद 1968 मध्येच वारले होते. दुसऱ्या क्षेत्रातल्या, दिवंगत माणसासाठी आपल्या हातचा मान सोडून देणे, ही पुरस्काराच्या इतिहासातली मला माहीत असलेली सर्वांत उमदी कृती आहे.

कुणी म्हणेल, जुन्या संगीतकाराबद्दल आता हळहळून काय उपयोग. रचना बदलणे आपल्या हातात कुठे आहे? इतिहास वेगळे सांगतो. ज्या 1957 च्या समारंभाबद्दल मघाशी बोललो, त्याच वेळी ‘चोरी चोरी’तले गाणे मंचावर म्हणायला लता मंगेशकरांनी नकार दिला. संगीतकाराला पुरस्कार आहे, गायकाला आणि गीतकाराला का नाही, हा त्यांचा प्रश्न होता. 1959 मध्ये पार्श्वगायनाचा विभाग सुरू झाला. पुढे स्त्री आणि पुरुष गायकांसाठी वेगवेगळे पुरस्कार झाले. एका गायिकेच्या नकारातून दोन वर्षांत रचना बदलली. विभाग माणसांनी आखलेले असतात. माणसे ते पुन्हा आखू शकतात. सरकारकडेही असा मार्ग आहे. राजा बढे यांनी लिहिलेले आणि श्रीनिवास खळे यांनी स्वरबद्ध केलेले ‘जय जय महाराष्ट्र माझा’ 2023 मध्ये राज्यगीत झाले. शाहीर साबळे यांनी ते घराघरांत नेले होते. खळे यांना 2010 मध्ये पद्मभूषण मिळाले आणि 2011 मध्ये ते गेले. राज्यगीत होणे हा त्यांच्या नावाचा नव्हे, चालीचा गौरव होता. चालीला, तिच्या दीर्घ आयुष्याला मान देता येतो, हे त्यामुळे सिद्ध झाले आहे.

माझी सूचना याच दिशेची आहे. संगीताच्या पुरस्कारांत एक विभाग असा असावा, की जो चालू वर्षाकडे न पाहता पंचवीस वर्षांपूर्वीच्या कामाकडे पाहील आणि विचारील, यातले आज कोण म्हणते आहे, कुठे म्हणते आहे. दुसरा विभाग समूहगान शिकवणाऱ्यांचा असावा. आज जिल्हा परिषदेच्या शाळांतून कितीतरी शिक्षक-शिक्षिका पदरमोड करून मुलांना गाणे शिकवतात, आंतरशालेय स्पर्धांसाठी गट तयार करतात. स्पर्धेत ढाल शाळेला मिळते, प्रमाणपत्र मुलांना मिळते आणि शिकवणाऱ्याचे नाव निवेदनात राहून जाते. देसाईंच्या कामाचा वारसा चित्रपटसृष्टीपेक्षा या लोकांकडे अधिक आहे. यासाठी दिल्ली-मुंबईची वाट पाहायचे कारण नाही. जिल्हा पातळीवर असा पुरस्कार सुरू करायला रक्कम थोडी लागते, पण परीक्षक मात्र गाण्यातले आणि शाळाशाळांतून हिंडणारे लागतात. आणि विनाखर्चाची एक गोष्ट आहे. परिपाठात प्रार्थना सुरू होण्यापूर्वी एका विद्यार्थ्याने तिच्या कवीचे आणि संगीतकाराचे नाव सांगावे. भरत व्यास आणि वसंत देसाई. गुलजार आणि वसंत देसाई. दोन वाक्यांचे काम आहे, ते शाळा उघडेल त्या दिवसापासून करता येईल. आज सभागृहात जे मुख्याध्यापक आणि शिक्षक बसले आहेत, त्यांच्याकडे माझी ही विनंती आहे.